रिकाम्या जागेची दवंडी

धार आणि देवास ही माळव्यातील पवारांची संस्थाने. देवासची तर थोरली पाती व धाकटी पाती अशी दोन राज्ये एकाच गावात नांदत होती. १९२१ साली थोरल्या पातीच्या तुकोजीराव महाराजांचे खाजगी चिटणीस म्हणून ई. एम. फॉर्स्टर हे इंग्रज कादंबरीकार काही महिने तेथे राहिले. महाराजांचे पूर्वीचे शिक्षक माल्कम डार्लिंग हे फॉर्स्टरांचे स्नेही; त्यांच्यामुळे ओळख झाली, आणि पुढे महाराजांचे बोलावणे आले. बागा, मोटारी, वीजघर अशी परोपरीची कामे त्यांच्याकडे सोपविण्यात आली. माणूस गुणी होता यात शंका नाही. परंतु त्याहून योग्य असा कोणी पुण्यास वा इंदुरास होता काय, हे विचारण्याची सोयच त्या राज्यपद्धतीत नव्हती. चाकरी देणे ही धन्याची मर्जी.

१९४८ साली दोन्ही संस्थाने मध्य भारतात विलीन झाली आणि १९५० च्या राज्यघटनेने धनीच पालटला. कलम १६ अन्वये सरकारी नोकरीत सर्व नागरिकांस समान संधी मिळाली. त्या कलमात जाहिरातीचा उल्लेख नाही. तथापि जागा रिकामी आहे हेच ज्याला कळले नाही, त्याला संधी मिळाली असे कोण म्हणेल? जाहिरातीवरून होणाऱ्या बहुतेक दाव्यांचे मूळ या प्रश्नात आहे.

१९५९ च्या कायद्याने रिकाम्या जागा सेवायोजन कार्यालयास कळविणे बंधनकारक केले. त्या कार्यालयाच्याच यादीतून माणूस घ्यावा, अशी सक्ती मात्र त्यात नव्हती. सरकारी खाती यादीवरच भिस्त ठेवीत, आणि १९८७ साली सर्वोच्च न्यायालयाने तेही घटनेस धरून आहे असे ठरविले. पुढे आंध्रातील कृष्णा जिल्ह्याच्या अबकारी खात्याचे प्रकरण आले. यादीत नाव नसलेल्यांनी विचारले, आम्ही नागरिक नव्हे काय? १९९६ साली न्यायालयाने सांगितले की यादी मागवावीच, परंतु मोठ्या खपाच्या वृत्तपत्रांतूनही अर्ज मागवावेत, कार्यालयाच्या फलकावर सूचना लावावी, आकाशवाणी व दूरदर्शनवरून जाहीर करावे. जुन्या काळची दवंडीच म्हणा ना. फक्त ती आता नोकरीसाठी पिटावयाची.

आम्हांस सर्वांत मोलाचा वाटतो तो १९९० चा विजयनगरम् येथील निवाडा, आणि तो शिक्षकाच्या जागेविषयी असल्यामुळेच केवळ नव्हे. जाहिरातीत मागितलेली पात्रता निवड झालेल्या उमेदवाराजवळ नव्हती. यात तिसऱ्याचे काय बिघडले, असे वाटेल. न्यायालयाने त्या तिसऱ्याकडेच बोट दाखविले. कुक्षीची किंवा बागलीची एखादी मुलगी जाहिरात वाचते, आपला वर्ग कमी पडतो असे पाहून वर्तमानपत्राची घडी घालून ठेवते. नंतर तिच्याहून कमी गुणांच्या माणसाची नेमणूक होते. तिने अर्जच केलेला नाही, तेव्हा तिचे नाव कोणत्याही कागदावर सापडत नाही. खरा अन्याय झाला तो तिच्यावर. आणि ती न्यायालयात आलेलीही नसते!

दुसरी बाजूही कठीण आहे. जाहिरात न देता रोजंदारीवर घेतलेली माणसे दहा-दहा वर्षे राबतात व कायम करा म्हणतात. १० एप्रिल २००६ रोजी उमादेवी खटल्यात पाच न्यायमूर्तींनी निर्णय दिला की खुल्या स्पर्धेवाचून झालेल्या नेमणुकीतून कायम होण्याचा हक्क उपजत नाही. मंजूर जागांवर दहा वर्षे काम केलेल्या पात्र लोकांपुरती एकवेळची सवलत त्यांनी ठेवली. अशा माणसाची आम्हांस कणव येते. पण त्याला मागल्या दाराने आत घेणारा अधिकारी मोकळाच राहतो, हे अधिक खटकते.

भरतीची सुरुवात जाहिरातीपासून होते आणि मध्येच पात्रतेच्या अटी बदलता येत नाहीत, नियमांत किंवा जाहिरातीतच तशी मुभा असेल तर गोष्ट वेगळी, हे २०२४ साली पुन्हा पाच न्यायमूर्तींनी स्पष्ट केले.

धार व देवास जिल्ह्यांतील उमेदवारास अशी तक्रार घेऊन मध्य प्रदेश उच्च न्यायालयाच्या इंदूर खंडपीठाकडे जावे लागते, कलम २२६ खाली. तेथे वेळेला फार महत्त्व आहे. जाहिरातीतील दोष दिसत असून जो मुकाट्याने परीक्षेस बसतो आणि निकालात नाव नाही म्हणून मग दाद मागतो, त्याचे म्हणणे न्यायालय सहसा ऐकून घेत नाही. म्हणून जाहिरात हाती येताच शेवटची तारीख, वयाची अट, जागांची संख्या आणि पात्रतेचा मजकूर नीट वाचावा, व तिचे कात्रण तारखेसह जपून ठेवावे.