पट्टीमागच्या 27 फायली

सांगलीच्या मार्केट यार्डात अडतीच्या दुकानात शिरलं की हळद आधी घशाला लागते, मग डोळ्यांना दिसते. तिथल्या एका दिवाणजींनी बोलता बोलता सांगितलं होतं, "आमची पट्टी 27 फायलींवर चालते. एक जरी गेली तरी काम ठप्प." मालाचं वजन, दर, हमाली-तोलाईची वजावट, सगळं त्या पट्टीवर असतं, ती हातात पडल्याशिवाय शेतकरी गावाकडे निघत नाही. आणि ज्यांच्यावर ती उभी, त्या 27 फायलींची नावं दुकानात कुणालाच ठाऊक नव्हती. ते मनातून जाईना, म्हणून नवा कॉम्प्युटर बसवायच्या दिवशी मी तिथे जाऊन बसले.

कामाला आलेल्या ताईंनी आधी पिशवीतून वही काढली. एकेका फाइलीला एक ओळ: नाव, आवृत्ती, आकार, ती कुठल्या कामाला लागते. पानांच्या कडा हळदीनं पिवळ्या झालेल्या.

पट्टीचा प्रोग्रॅम व्हिज्युअल बेसिक 6 मधला. ही भाषा 1998 सालची. मूळ लिहिणारा परगावी गेला, सोर्स कोड कुणापाशी उरला नाही. त्या काळच्या पद्धतीप्रमाणे पडद्यावरची यादी, छपाई, डेटाबेसमधून नोंदी काढणं ही कामं प्रोग्रॅम स्वतः करत नाही. डीएलएल आणि ओसीएक्स या सामायिक फायलींकडून करून घेतो. विंडोज 95 किमान 4 एमबी मेमरीवर चालवायचं होतं. एकच फाइल अनेक प्रोग्रॅमनी वापरली तर जागा वाचायची. ती काटकसर शहाणपणाचीच होती. पण सामायिक विहिरीतला गाळ कोणी काढायचा? दुसरा प्रोग्रॅम आपली वेगळी आवृत्ती त्याच जागी टाकायचा आणि पहिला बंद पडायचा. या छळाला धंद्यातली माणसं 'डीएलएल हेल' म्हणू लागली. कोणती फाइल किती प्रोग्रॅम वापरतात याची मोजदाद विंडोजमध्ये ठेवली जाते, पण हातानं आणून टाकलेली फाइल त्या मोजदादीत येतच नाही.

नव्या मशीनवर प्रोग्रॅम उघडताच एरर आला: एमएसकॉमसीटीएल नावाची ओसीएक्स फाइल सापडत नाही. व्हिज्युअल बेसिकची मुख्य फाइल विंडोजसोबत आजही येते, ही येत नाही. सोबतचा मुलगा ती सिस्टिम32 मध्ये टाकायला निघाला. ताईंनी त्याचा हात धरला. "नावावर जाऊ नकोस. आपली फाइल 32 बिटची, तिची जागा सिसवाव64 मध्ये. सिस्टिम32 मध्ये 64 बिटच्या असतात." ऐकायला उलटं वाटतं, पण 64 बिटच्या विंडोजमध्ये आहे तसंच. मग फाइल रजिस्टर करायची आज्ञा दिली. बाकीच्या अशाच एकामागोमाग बसल्या.

शेवटच्या फाइलीपाशी मात्र त्या थांबल्या. ती कुठल्याच कंपनीची नव्हती. रक्कम मराठीत अक्षरी लिहिणं एवढंच तिचं काम. शंभरापर्यंतच्या प्रत्येक आकड्याला मराठीत वेगळा शब्द, म्हणून कुणीतरी एकोणसत्तर, एकोणऐंशी सगळे बसून भरले होते. तिची एकच प्रत, जुन्या मशीनवर. ती गेली असती तर बाजारात विकत मिळाली नसती. ताईंनी तिच्या दोन प्रती केल्या, मगच पुढे गेल्या.

"हे जुनं फेकून नवं का घेत नाही?" असं सगळेच विचारतात. नव्या सॉफ्टवेअरच्या पोटातही सामायिक फायलीच असतात, जुन्यापेक्षा कितीतरी जास्त. डिसेंबर 2021 मध्ये लॉगफोरजे या जावा लायब्ररीत गंभीर दोष उघड झाला, तेव्हा आपल्याकडे ती कुठे कुठे वापरली आहे हे शोधण्यातच मोठमोठ्या कंपन्यांचे आठवडे गेले. त्यांच्यापाशी अशी वही नव्हती. मला तरी ही नोंद ठेवण्याचं काम सोर्स कोड लिहिण्याइतकंच मोलाचं वाटतं.

दुपारी पहिली पट्टी कार्बनसकट प्रिंटरमधून बाहेर आली. दिवाणजींनी ताईंचं बिल वाचलं आणि एका ओळीवर बोट ठेवलं. "ताई, फायली बसवल्याचे पैसे समजले. वहीचे कसले?"

"काका, पुढच्या वेळी मी नसले तर जो कोणी येईल त्याला ही द्या. 27 च्या 27 त्याला सापडतील."

काकांनी पूर्ण रक्कम दिली आणि वहीची झेरॉक्स मागून घेतली.