सलगता आणि सहलेखन : सुझान शिफमान यांची चित्रपट-कारकीर्द

चित्रपटाचा कर्ता दिग्दर्शक हाच होय, ही धारणा गेल्या शतकाच्या मध्यास फ्रेंच समीक्षेने रुजवली. फ्रान्स्वा त्रुफो यांनी जानेवारी १९५४ मध्ये 'काये द्यु सिनेमा' या नियतकालिकातील लेखात साहित्यकृतींची रूपांतरे करणाऱ्या पटकथाकारांवर कठोर टीका केली. मात्र त्याच त्रुफो यांच्या चित्रपटांतील सुझान शिफमान (१९२९–२००१) यांचा वाटा लक्षात घेतला, की ही धारणा पुन्हा तपासावी लागते.

शिफमान यांनी त्रुफो आणि गोदार यांच्या चित्रपटांसाठी स्क्रिप्ट-गर्ल म्हणून काम केले. चित्रपटातील दृश्ये सहसा कथाक्रमाने चित्रित होत नाहीत. त्यामुळे पात्राच्या हातातील पेला किती भरलेला होता, संवाद कोणत्या शब्दावर थांबला, नजर कोणत्या दिशेस होती, याची काटेकोर नोंद ठेवावी लागते. वरकरणी कारकुनी वाटणारे हे काम वस्तुतः संहितेचे वाचनच होय. अद्याप पूर्ण न झालेली कृती अखंड रूपात मनात धारण केल्याखेरीज ते साधत नाही.

या वाचनातूनच पुढील भूमिका विकसित झाल्या, असे म्हणता येईल. झाक रिव्हेत यांच्या सुमारे १३ तासांच्या 'आउट १' (१९७१) या चित्रपटात नटांनी संवाद उत्स्फूर्तपणे रचले; शिफमान त्याच्या सहदिग्दर्शिका होत्या. त्रुफो यांच्याकडे त्या सहायक दिग्दर्शिका आणि पुढे सहलेखिका झाल्या. 'ला न्युई आमेरिकेन' (१९७३) या चित्रपटाच्या पटकथेसाठी त्रुफो व झाँ-लुई रिशार यांच्यासह त्यांना ऑस्कर नामांकन मिळाले. याच चित्रपटातील झोएल ही स्क्रिप्ट-गर्ल त्यांच्यावरच बेतलेली मानली जाते. 'ल देर्निए मेत्रो'च्या पटकथेसाठी १९८१ मध्ये त्रुफो यांच्यासमवेत त्यांना सेझार पुरस्कार लाभला.

त्रुफो यांच्या निधनानंतर (१९८४) शिफमान यांनी दिग्दर्शित केलेला 'ल म्वान ए ला सोर्सिएर' (१९८७) तौलनिक अभ्यासकांच्या विशेष आस्थेचा ठरावा. त्याची पटकथा त्यांनी कला-इतिहासकार पामेला बर्जर यांच्यासह लिहिली. तेराव्या शतकातील एत्येन द बुर्बों या डोमिनिकन धर्मगुरूने, लियोंजवळील ग्रामीण स्त्रिया एका शिकारी कुत्र्याला संत मानून भजतात, अशी नोंद केली होती. ती या चित्रपटाचा आधार आहे. बाळाला सापापासून वाचवूनही गैरसमजाने मारल्या गेलेल्या त्या कुत्र्याच्या आख्यायिकेचा आकृतिबंध पंचतंत्राच्या पाचव्या तंत्रातील मुंगसाच्या कथेशी जुळतो.

अशा कथांचा एकच कर्ता शोधण्याचा आग्रह आपण धरीत नाही; कथनकार, भाषांतरकार, लेखनिक यांच्या हातांतून त्या घडत गेल्या, हे आपण मान्य करतो. चित्रपटाच्या बाबतीत मात्र श्रेयनामावलीतील पहिल्या नावापाशीच आपले वाचन थांबते. शिफमान यांची कारकीर्द त्या नामावलीचेही संहितेप्रमाणे वाचन करावयास सांगते. तसे न केल्यास कर्तृत्वाचा आपला इतिहास अपुराच राहील.