पटापर्यंतची वाट

श्रोतेहो, आपल्या देशी बुद्धिबळात प्यादे पहिल्या खेळीलाही एकच घर चाले. पंजाबचे मीर सुलतान खान लहानपणी तसेच खेळले. विलायती नियम मोठेपणी शिकले. सर उमर हयात खान यांच्या आश्रयाने १९२९ साली ते लंडनला गेले आणि त्याच वर्षी ब्रिटिश अजिंक्यपद जिंकले; १९३२ व १९३३ सालीही. १९३०-३१ च्या हेस्टिंग्ज स्पर्धेत तर त्यांनी माजी जगज्जेते कापाब्लांका यांना हरवले! पण आश्रयदाते १९३३ साली मायदेशी परतले, तसे तेही परतले. मोठ्या स्पर्धा सुटल्या त्या सुटल्याच. १९६६ साली ते वारले. ग्रँडमास्टर हा सन्मान मिळाला २०२४ साली. गुरुजनहो, हुशार पोराला पट द्याच, पण पटापर्यंतची वाट कुणा एकाच्या मर्जीवर ठेवू नका.