पुकारा झाला, उठलं कोणीच नाही

भिलाईचा पोलाद कारखाना पाळ्यांवर चालतो, शेजारच्या दुर्गचं जिल्हा न्यायालय पुकाऱ्यावर. रात्रपाळी करून आलेल्या माणसाचा नेमका तारखेच्या सकाळी डोळा लागला आणि वकीलही दुसऱ्या कोर्टात अडकला, की काम तिथेच आटोपतं. कागदावर शेरा पडतो : 'अदम पैरवी में खारिज'. अदम म्हणजे अभाव, पैरवी म्हणजे पाठपुरावा. महाराष्ट्रातले वकील यालाच 'डिसमिस फॉर डिफॉल्ट' म्हणतात.

पक्षकाराला वाटतं, आपण हरलो. पण जमीन कोणाची, पैसे कोणाचे, हे न्यायाधीशांनी तपासलेलंच नसतं.

पुढे काय, हे त्या दिवशी दालनात कोण होतं यावर ठरतं. १९०८च्या दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश ९ इथे मोठा हिशेबी आहे. वादी-प्रतिवादी दोघेही गैरहजर असतील, तर दावा काढून टाकता येतो. पण मुदतीच्या कायद्यात बसत असेल तर वादी नवा दावा लावू शकतो. प्रतिवादी हजर राहून दावा नाकारत असेल आणि वादीच आला नसेल, तर मात्र त्याच कारणासाठी नव्याने दावा लावता येत नाही. गैरहजेरीचं पुरेसं कारण दाखवून जुनाच दावा पुन्हा पटावर घ्यायला लावायचा, एवढीच वाट उरते. म्हणजे वादीने दांडी मारायचीच असेल, तर प्रतिवादीनेही मारलेली बरी!

दावा पुन्हा पटावर घेण्याच्या या अर्जाला मुदत ३० दिवसांची. ती दावा फेटाळल्या दिवसापासून धावते, वादीला कळल्यापासून नव्हे. अनेकजण फसतात ते इथेच. उशीर माफ होऊ शकतो, पण त्याचंही कारण द्यावं लागतं.

ही दारं किती उघडी ठेवायची, यावरचा एक महत्त्वाचा निकाल लिहिला तो नागपूरशी नातं असलेल्या न्यायाधीशांनी. १९५६पर्यंत दुर्ग जिल्हा नागपूर उच्च न्यायालयाच्या कक्षेत होता. तिथले माजी मुख्य न्यायाधीश व्हिव्हियन बोस १९५५मध्ये सर्वोच्च न्यायालयात होते. त्यांच्यासमोर आलेल्या या प्रकरणात कोट्याच्या निवडणूक न्यायाधिकरणापुढे पक्षकार संग्रामसिंह एका तारखेला हजर नव्हते. नंतर त्यांचे वकील आले, तर त्यांना कामात भागच घेऊ दिला नाही. बोस यांनी ते चुकीचं ठरवलं. प्रक्रियेचे नियम न्यायाची वाट सुकर करण्यासाठी आहेत, शिक्षेसाठी नाहीत, असा त्यांचा युक्तिवाद होता.

आणि चूक वकिलाची असेल तर? १९८१च्या रफीक विरुद्ध मुन्शीलाल खटल्यात वकील फिरकलाच नाही आणि उच्च न्यायालयाने अपील निकाली काढलं. फी भरून विश्वासाने घरी बसलेल्या पक्षकाराने आणखी काय करायचं होतं, असा विचार करून सर्वोच्च न्यायालयाने ते अपील पुन्हा सुनावणीला पाठवलं. खर्चाचे २०० रुपये वसूल करायचे ठरले ते गैरहजर वकिलाकडून.