धक्क्यावरचा नाताळ

नाताळ न्हावा-शेव्यातून गणपतीच्या सुमारासच निघून जातो, असे म्हटले तर वाचकांस नवल वाटेल. परंतु व्यापाराचे वेळापत्रक तसेच आहे. डिसेंबरात युरोप-अमेरिकेतील दुकानांतून जे मांडावयाचे ते टॉवेल, चादरी आणि तयार कपडे ऑगस्ट-सप्टेंबरातच पेट्यांत बंद होऊन बोटीवर चढलेले असावे लागतात. प्रत्यक्ष २५ डिसेंबर उजाडतो तेव्हा उरण तालुक्यातील या बंदराच्या कामात सणाचा मागमूस नसतो. क्रेनचे हात वरखाली होत असतात आणि करळ फाट्याच्या बाजूने ट्रेलर सरकत असतात. त्या दिवशी धक्क्याला लागलेल्या बोटीवरील वीस-पंचवीस माणसांचा नाताळ मात्र तेथेच, पोलादी भिंतींच्या आत, साजरा व्हावयाचा असतो. जगातील खलाशांत फिलिपिनो लोकांचा भरणा मोठा आणि ते बहुतेक ख्रिस्ती. त्यांच्यासाठी हा वर्षातील सर्वांत मोठा सण.

ही माणसे किनाऱ्यावर का उतरत नाहीत, असा प्रश्न कोणी विचारील. त्याचे उत्तर बंदराच्या यशातच दडले आहे. २६ मे १९८९ रोजी हे बंदर सुरू झाले आणि २०२४-२५ या वर्षात वीस फुटी पेटीच्या मापाने ७० लाखांहून अधिक पेट्यांची येथून ने-आण झाली. १९५६ साली माल्कम मॅक्लीन या अमेरिकन वाहतूकदाराने ५८ पेट्या एका बोटीवर चढवून नेवार्कहून ह्यूस्टनला पाठविल्या, तेव्हापासून माल हाताळण्याचा खर्च झपाट्याने उतरत गेला. पूर्वी पोती आणि गाठी उतरविण्यास बोटीला बंदरात आठवडा-आठवडा लागे. तेवढ्यात खलाशी गाव पाहून येई, घरी पत्र टाकी, देवळात वा चर्चमध्ये जाऊन येई. आता तेच काम काही तासांत उरकते. जो वेळ वाचला तो व्यापाऱ्याला मिळाला आणि ग्राहकाला स्वस्ताईच्या रूपाने मिळाला. गेला तो खलाशाच्या वाट्याचा. त्यातच जुलै २००४ पासून बंदरांच्या सुरक्षिततेचे आंतरराष्ट्रीय नियम कडक झाले आणि बोटीची शिडी उतरणे हाच एक कागदी व्यवहार होऊन बसला. डेकवर उभे राहिले की घारापुरीचा डोंगर दिसतो, २०२४ च्या जानेवारीत खुल्या झालेल्या अटल सेतूचे दिवे दिसतात. पावणेबावीस किलोमीटरच्या त्या पुलापलीकडे मुंबई असते. पण ती पाहण्यापुरतीच.

अशा माणसाची आठवण प्रथम कोणाला झाली, याची हकीकत जुनी आहे. १८३५ साली जॉन ॲश्ली नावाचा एक इंग्रज धर्मोपदेशक ब्रिस्टलच्या खाडीकाठी मुलाला घेऊन गेला होता. समोरच्या बेटांवरील माणसे चर्चला कशी जातात, असे त्या मुलाने विचारले. ॲश्ली बेटांवर जाऊन आला आणि मग त्याचे लक्ष वाऱ्याची वाट पाहत खाडीत नांगरून पडलेल्या शेकडो बोटींकडे गेले. चर्च जवळ असून त्यांना कोणी विचारीत नव्हते. तो होडीने एकेका बोटीवर जाऊ लागला. या कामातून १८५६ मध्ये खलाशांसाठी एक स्थायी मिशन उभे राहिले. कॅथलिक पंथीयांनी १९२० मध्ये ग्लासगो येथे तशीच संस्था काढली. दोन्हींचे काम पुढे मुंबईपर्यंत पोचले. परदेशी बंदरांतून या संस्थांची माणसे डिसेंबरात बोटीवर चढतात ती हातात लहानशी पुडकी घेऊन. त्यात लोकरीची टोपी, मोजे, साबण, थोडी मिठाई असे काहीबाही असते. कित्येक टोप्या गावोगावच्या स्त्रिया घरी बसून विणतात. टोपी कोणाच्या डोक्यावर जाणार, हे विणणारीला कधीच कळत नाही.

अर्थशास्त्राला या पुडक्याचा उलगडा सहजी होत नाही. जोएल वॉल्डफोगेल या अमेरिकन अर्थशास्त्रज्ञाने १९९३ मध्ये नाताळच्या भेटवस्तूंचा हिशेब मांडला होता. देणारा जितके पैसे खर्चतो तितके मोल घेणाऱ्याला वाटत नाही. या तफावतीत भेटींच्या किमतीचा एक दशांश ते एक तृतीयांश भाग वाया जातो, असा त्याचा अंदाज होता. मित्राच्या भेटीत नुकसान कमी, दूरच्या आप्ताच्या भेटीत अधिक, कारण त्याला आपली आवड ठाऊक नसते. दिवाळीत एकाच्या घरून दुसऱ्याच्या घरी फिरणारे मिठाईचे खोके ज्यांनी पाहिले आहेत, त्यांना हे पटावयास हरकत नाही. या न्यायाने पूर्ण अनोळखी माणसाने दिलेली वस्तू सर्वांत निरुपयोगी ठरावयास हवी. ती तशी ठरत नाही. उत्तर अटलांटिकच्या थंडीत डेकवर पहारा करणाऱ्याला लोकरीची टोपी हवी असते, हे कळण्यास त्याचे नाव, गाव किंवा धर्म माहीत असावा लागत नाही. माणूस अनोळखी, पण गरज ओळखीची. रिचर्ड टिटमस याने १९७० मध्ये ब्रिटनमधील रक्तदानावर ग्रंथ लिहिला त्याचाही आधार हाच होता: आपण कोणाला देतो आहोत हे ठाऊक नसताना दिलेले दान समाजाला बांधून ठेवते.

हा विचार न्हाव्याला परका नाही. या गावात सर मोहमद युसूफ यांनी १९१० मध्ये नाविक शिक्षणाची जी शाळा काढली, ती 'ट्रेनिंग शिप रहमान' या नावाने प्रसिद्ध आहे. एका मुसलमान जहाजमालकाच्या दानातून उभ्या राहिलेल्या या शाळेतील मुले जगभरच्या बोटींवर गेली. समुद्रावर मिळालेली आणखी एक शिकवण गोवेकरांनी मुंबईत आणली. धोबीतलावच्या परिसरात त्यांच्या गावोगावच्या 'कूड' निघाल्या. दोन सफरींच्या मधल्या काळात खलाशाने तेथे ट्रंक ठेवावी, अल्प भाड्यात पथारी पसरावी, संध्याकाळी सर्वांबरोबर प्रार्थनेला बसावे. नोकरी नसेल त्याला सांभाळून घ्यावे. परमुलखात आपल्या मुलाला कोणी पाणी विचारावे, असे ज्या कोकणी आईला वाटते, तिला आपल्या दारच्या बंदरात उभ्या असलेल्या परक्या मुलाची कणव येणे अवघड नसावे.

तथापि दयेची महती गाताना एक सावधगिरी बाळगणे अवश्य आहे. २०२० च्या नाताळात साथीमुळे सुमारे चार लाख खलाशी मुदत संपूनही समुद्रावर अडकून पडले होते. 'जग आनंद' या बोटीवरील २३ भारतीय त्या जूनपासून चीनच्या किनाऱ्यावर नांगरलेले होते; ते घरी परतले २०२१ च्या जानेवारीत. २०२४ साली मालकांनी वाऱ्यावर सोडलेल्या बोटींची संख्या तीनशेच्या वर आणि त्यांवरील खलाशांची तीन हजारांच्या वर गेली. त्यांत सर्वाधिक भारतीय होते. पगार थकलेला, पाणी आणि डिझेल संपत आलेले, अशा माणसाला टोपी देऊन भागत नाही. त्याला कायदा हवा. ज्या जमिनीवर हे बंदर आणि त्याचा परिसर उभा राहिला, तेथील शेतकऱ्यांना तर हे पुरते ठाऊक आहे. १९८४ च्या जानेवारीत जासई आणि नवघर फाटा येथे पोलिसांच्या गोळीबारात पाच जण पडले, ते भेटवस्तू मागत नव्हते. आपल्या भूमीचे न्याय्य मोल मागत होते. साडेबारा टक्के विकसित जमिनीचे तत्त्व त्या लढ्यातून आले, कोणाच्या सणासुदीच्या औदार्यातून नव्हे.

खलाशांपुरता कायदा झाला आहे. २००६ मध्ये जिनिव्हा येथे संमत झालेला सागरी श्रम करार भारताने २०१५ मध्ये स्वीकारला. बंदरात खलाशांसाठी कल्याणकेंद्रे असावीत, त्यांना किनाऱ्यावर उतरता यावे, सोडून दिलेल्यांच्या परतीची आणि काही महिन्यांच्या वेतनाची हमी विम्याने द्यावी, अशी कलमे त्यात आता आहेत. बोटीवर आणि बंदरात घरच्यांशी संपर्काची सोय असावी, ही दुरुस्ती लागू झाली ती २३ डिसेंबर २०२४ रोजी, म्हणजे नाताळच्या दोन दिवस आधी. पण कलमाला पाय नसतात. थकलेल्या पगाराची तक्रार खलाशी परक्या बंदरातील कचेरीत जाऊन करीत नाही; पुढची नोकरी जाईल या भीतीने तो बोटीवरही बोलत नाही. तो बोलतो ते मालकाचा, दलालाचा किंवा सरकारचा नसलेला कोणी शिडी चढून वर आला, चहा पीत बसला आणि घरी कोण कोण असते, असे विचारू लागला म्हणजे. टोपीचे पुडके हे पुष्कळदा त्या बोलण्याचे निमित्त असते. त्यासाठी बंदराच्या फाटकातून आत जाण्याचा परवाना लागतो, शहरापर्यंत ने-आण करणारी एखादी गाडी लागते आणि बोट सुटण्यापूर्वीच्या त्या चार-सहा तासांत, मग ते मध्यरात्रीचे का असेनात, येण्याची तयारी असलेली माणसे लागतात.