मिरचीची जेली : साखर, आंबटपणा आणि बंद बाटली



दिवाळीची सभासद साखर घरात आली की लाडू-करंज्या होतात आणि उरलेली डब्यात पडून राहते. त्याच सुमारास पेरूचा बहार असतो, आणि बांधावरच्या मिरचीला बाजारात कोणी विचारत नाही असेही दिवस येतात. हे तिन्ही जिन्नस एका बाटलीत बसवणारा पदार्थ म्हणजे मिरचीची जेली. हा पदार्थ मूळचा आपला नव्हे. अमेरिकेच्या दक्षिणेकडील राज्यांत, विशेषतः टेक्सासकडे, ती घरोघरी करतात आणि चीज-बिस्किटाबरोबर खातात. मिरची तरी मूळची आपली कुठे? तीही अमेरिका खंडातूनच, सोळाव्या शतकात पोर्तुगीजांबरोबर आपल्याकडे आली.

जेली धरते ती तीन गोष्टींवर : पेक्टिन, आम्ल आणि साखर. पेक्टिन म्हणजे फळातला चिकट घटक. मिरचीत तो जेली धरण्याइतका नसतो. तिकडच्या बायका त्यासाठी विकतचे पेक्टिन वापरतात. आपल्याकडे ते सहज मिळत नाही आणि त्याची गरजही नाही, कारण पेरूत ते भरपूर असते. मात्र पेरू अगदी पिकलेला नको, किंचित कच्चा घ्यावा. फळ पिकत गेले की पेक्टिनचा जोर कमी होतो.

आता साखरेचे पाहू, कारण हा आपल्या घरचा विषय. तयार जेलीत शंभर भागांत ६५ भाग विद्राव्य घन पदार्थ असावे लागतात, म्हणजे ६५ ब्रिक्स. आपल्या कारखान्यात बाष्पीभवन होऊन जो सिरप पॅनकडे जातो, तोही साधारण एवढाच दाट असतो. एवढी साखर असली की ती पाणी बांधून ठेवते आणि जंतूंना वाढायला पाणी उरत नाही. गोड कमी व्हावे म्हणून साखर निम्मी केली, तर जेली धरतही नाही आणि टिकतही नाही.

आणखी एक गंमत. शिळ्या उसात साखरेची फोड होऊन तिचे ग्लुकोज व फ्रुक्टोज बनते आणि उतारा घसरतो, हे आपण ऐकतो. रस आंबट राहून हीच फोड होऊ नये म्हणून कारखान्यात चुना घालतात. जेलीत मात्र आपण मुद्दाम आंबट घालून उकळतो. त्यामुळे थोड्या साखरेची फोड होते आणि बाटलीत पुढे खडे धरत नाहीत. कारखान्याचा तोटा तो इथे फायदा.

कृती अशी. एक किलो पेरूच्या फोडी बुडतील इतक्या पाण्यात अर्धा तास मंद शिजवाव्यात. पातळ स्वच्छ कापडात बांधून रात्रभर टांगून ठेवावे. लवकर व्हावे म्हणून पिळू नये. पिळले की जेली गढूळ झालीच. खाली जमलेला निवळ रस ४ कप घ्यावा. कप म्हणजे सुमारे २४० मिलीचा. दुसरीकडे ५० ग्रॅम तिखट मिरच्या चिरून १ कप व्हिनेगरमध्ये दहा मिनिटे उकळाव्यात व गाळाव्यात. या वेळी खिडकी उघडी ठेवा आणि लहान मुलांना बाहेर काढा; ठसका असा लागतो की विचारू नका. मिरचीचा तिखटपणा बियांत नसून बिया जिला चिकटलेल्या असतात त्या पांढऱ्या शिरेत असतो. कमी तिखट हवे असेल तर ती काढून टाकावी. चिरताना हाताला आधी तेल लावावे.

रस, गाळलेले व्हिनेगर आणि ८०० ग्रॅम साखर स्टीलच्या रुंद पातेल्यात एकत्र करून मोठ्या आचेवर उकळावे. तांब्याचे, बिनकल्हईचे पितळी किंवा ॲल्युमिनियमचे भांडे आंबटाला चालत नाही. एका वेळी एवढेच करावे. दुप्पट घाण घेतला तर तो आटायला वेळ लागतो आणि जास्त वेळ उकळून पेक्टिन मरते.

उतरवायचे कधी? गुऱ्हाळावरचा गुळव्या पाक पाण्यात टाकून गोळी बघतो, पण जेलीचा नेम त्याच्या कितीतरी आधी येतो. गूळ साधारण ११८ अंशांना उतरतो. जेली पाण्याच्या उत्कलनबिंदूपेक्षा फक्त साडेचार अंश वर गेली की झाली. समुद्रकाठी हा आकडा १०५ च्या जवळ येतो. कोल्हापूर-पुण्याकडे पाणी ९८ अंशांच्या आसपासच उकळते, म्हणून तिथे १०२-१०३ ला थांबावे. थर्मामीटर नसेल तर रिकामे पातेले आधी तोलून ठेवावे. आतला माल सव्वा किलो उरला की पुरे. उलथन्यावरून थेंब वेगवेगळे न पडता एकत्र जुळून पडू लागले, ही आणखी एक खूण. वरचा फेस झाऱ्याने काढावा.

गूळ घालून चालेल का, असे कोणीतरी विचारणारच. गोडी येईल, पण काचेसारखी स्वच्छ जेली येणार नाही, आणि गुळात चुन्याचा अंश असल्याने आंबटपणा कमी होतो.

या आंबटपणाशी खेळू नये, हे बजावून सांगतो. मिरची स्वतः आंबट नाही. आंबटपणा कमी असलेला ओला पदार्थ हवाबंद केला, तर आत बोटुलिझमचे जंतू वाढू शकतात. त्यांचे विष जीवघेणे असते, आणि वास-चव बिघडेलच असे नाही. आम्लतेचा पीएच ४.६ च्या खाली असला की ते जंतू वाढत नाहीत. म्हणून व्हिनेगर कमी करू नये. वरचे माप ५ टक्के तीव्रतेचे आहे. आपल्या दुकानातल्या बाटलीवर पुष्कळदा ४ टक्के लिहिलेले असते. तसे असेल तर सव्वा कप घ्यावे. जेलीत लसूण किंवा तेलाची फोडणी घालून स्वतःची भर टाकू नये. ते लोणच्यासाठी ठेवा.

बाटल्या दहा मिनिटे पाण्यात उकळून गरम असतानाच भराव्यात. वर पाव इंच जागा सोडावी, काठ पुसावा आणि नवे, आतून अस्तर असलेले फिरकीचे झाकण लावावे. जुने झाकण धरत नाही. खोल भांड्यात तळाला जाळी किंवा जाड फडके घालून बाटल्या उभ्या कराव्यात. झाकणांवर इंचभर पाणी येऊ द्यावे आणि पाणी उकळू लागल्यापासून ५ मिनिटे मोजावीत. एक हजार फुटांच्या वरच्या गावी, म्हणजे देशावर बहुतेक ठिकाणी, १० मिनिटे. पूर्वी वर मेण ओतून बंद करीत. ती पद्धत आता सुरक्षित मानत नाहीत.

बाटल्या गार झाल्या की झाकणाचा मध्य आत दबलेला दिसला पाहिजे. बोटाने दाबून टकटक वाजला तर बाटली धरली नाही. ती फ्रिजमध्ये ठेवून आधी संपवावी. बुरशी दिसली तर वरची काढून खालची खाऊ नये, सगळी टाकावी. धरलेल्या बाटल्या अंधाऱ्या फडताळात वर्षभर चांगल्या राहतात. उघडल्यावर फ्रिजमध्ये ठेवून महिन्याभरात संपवाव्यात. बचत गटातील भगिनींना विकायची असेल तर अन्न सुरक्षा कायदा, २००६ प्रमाणे आधी नोंदणी करावी लागते, आणि लेबलवर घटक व तारीख घालावी लागते. घरात मात्र थालीपीठ किंवा ज्वारीच्या भाकरीबरोबर चमचाभर पुरते. चीज नसले तरी काही अडत नाही.