रॉबर्ट कॅम्पबेल : सिडनीच्या गोदीतून विधान परिषदेत

रॉबर्ट कॅम्पबेलचा जन्म 1769 मध्ये स्कॉटलंडच्या ग्रीनॉक बंदरात झाला. 1796 मध्ये तो कलकत्त्याला येऊन भाऊ जॉनच्या पेढीत सामील झाला. या पेढीची नजर तेव्हा ऑस्ट्रेलियातील न्यू साउथ वेल्सकडे लागली होती. ब्रिटनमधून हद्दपार केलेल्या कैद्यांची ती वसाहत जेमतेम आठ वर्षांची होती. तिथे जवळपास प्रत्येक वस्तूची चणचण होती आणि लंडनपेक्षा कलकत्ता तिला पुष्कळ जवळ होते. पेढीने पाठवलेले ‘सिडनी कोव्ह’ हे जहाज मात्र फेब्रुवारी 1797 मध्ये टास्मानियाजवळच्या एका बेटापाशी निकामी झाले. मदत आणायला निघालेल्या 17 जणांची होडीही वाटेत फुटली. ते किनाऱ्याने पायी निघाले आणि त्यांतले तिघेच अखेर सिडनीपर्यंत तगले.

एवढे होऊनही कॅम्पबेल 1798 मध्ये माल घेऊन स्वतः सिडनीला गेला, तिथे त्याने बंदरालगत जागा घेतली आणि 1800 मध्ये तो तिथेच स्थायिक झाला. त्याने धक्का बांधला, वखारी उभारल्या. पुढच्याच वर्षी सरकारी कोठारांचा प्रमुख जॉन पामर याची बहीण सोफिया हिच्याशी त्याचे लग्न झाले.

सिडनीचा व्यापार त्या काळी न्यू साउथ वेल्स कोअर या पलटणीच्या अधिकाऱ्यांच्या मुठीत होता. आलेल्या जहाजाचा माल ते एकगठ्ठा उचलत आणि शेतकऱ्यांना अव्वाच्या सव्वा भावाने विकत. नाण्यांची टंचाई असल्यामुळे रमवरच देणीघेणी चालत. कॅम्पबेलच्या मालातही दारू असेच, त्यामुळे त्याला समाजसुधारक ठरवण्याचे कारण नाही. पण त्याच्या वखारीत माल कायम असे आणि लहान शेतकऱ्याला तो उधारी देई. अधिकाऱ्यांच्या मक्तेदारीला खरा धक्का बसला तो या साध्या गोष्टींनी.

दुसरी मक्तेदारी ईस्ट इंडिया कंपनीची होती. पूर्वेकडच्या समुद्रांतला माल परस्पर इंग्लंडला नेण्याची मुभा वसाहतीतल्या व्यापाऱ्यांना नव्हती. 1805 मध्ये कॅम्पबेल ‘लेडी बार्लो’ या जहाजातून सीलचे तेल आणि कातडी घेऊन थेट लंडनला गेला. तिथे जहाज अडवले गेले आणि त्याला मोठे नुकसान सोसावे लागले. तरीही वसाहतीला स्वतःचा निर्यात व्यापार हवा, हा प्रश्न त्या एका फेरीने लंडनच्या दारात नेऊन उभा केला.

राजकारणात तो ओढला गेला गव्हर्नर विल्यम ब्लाय याच्यामुळे. रमच्या व्यवहाराला आळा घालू पाहणाऱ्या ब्लायने बंदरातील जकातीची जबाबदारी कॅम्पबेलवर सोपवली. 26 जानेवारी 1808 रोजी पलटणीने बंड करून ब्लायला कैद केले. या बंडामागे जॉन मॅकार्थर या माजी लष्करी अधिकाऱ्याचा मोठा हात होता. कॅम्पबेल ब्लायच्या बाजूने ठाम राहिला आणि त्याचे पद गेले. बंडाचा सेनानी जॉर्ज जॉन्स्टन याच्यावरील 1811 च्या लष्करी खटल्यात साक्ष देण्यासाठी त्याला इंग्लंडला जावे लागले, आणि सिडनीला परतायला 1815 उजाडले. तोवर धंद्याची घडी पार विस्कटली होती. गव्हर्नरशी निष्ठा राखण्याची एवढी जबर किंमत त्या वसाहतीत फार थोड्या व्यापाऱ्यांनी मोजली असेल.

त्याची पत मात्र टिकून होती. 1819 मध्ये वसाहतीची बचत बँक चालवण्याचे काम त्याच्याकडे आले आणि लोक तिला ‘कॅम्पबेलची बँक’ म्हणू लागले. 1825 मध्ये विधान परिषदेवर तीन बिनसरकारी सदस्य नेमण्यात आले. त्यांत कॅम्पबेल होता आणि जॉन मॅकार्थरही. एकमेकांचे जुने वैरी आता एकाच सभागृहात बसू लागले. ही परिषद निवडून आलेली नव्हती, तिचे काम गव्हर्नरला सल्ला देण्याचे होते. कॅम्पबेलने तिथे 1843 पर्यंत काम केले.

त्याचे अखेरचे दिवस जिथे गेले ती जमीन एका जुन्या नुकसानीतून आली. 1806 मध्ये हॉक्सबरी नदीच्या पुरानंतर सरकारने धान्य आणण्यासाठी कॅम्पबेलचे ‘सिडनी’ हे जहाज भाड्याने घेतले होते आणि ते वाटेत बुडाले. त्याची भरपाई बऱ्याच वर्षांनी मेंढ्या आणि 4,000 एकर जमिनीच्या रूपाने मिळाली. ही जमीन ज्या मैदानावर निवडली गेली, तिथे आदिवासी समाज हजारो वर्षे राहत आले होते, आणि तिच्या वाटपात त्यांना कोणी विचारले नाही. त्या जागेवर वसलेल्या डंट्रून येथेच एप्रिल 1846 मध्ये कॅम्पबेलचे निधन झाले. पुढे तो सारा परिसर राजधानी कॅनबेरात सामावला आणि डंट्रूनच्या जागी 1911 मध्ये ऑस्ट्रेलियाचे लष्करी महाविद्यालय सुरू झाले.